'विकला गेलेला फिर्यादी' म्हणणाऱ्या वाचकांना उत्तर

फौजदारी केस आपसात मिटवण्याबद्दल मी लिहिलं होतं, त्यावर एका वाचकांची खरमरीत कमेंट आलीये. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं की केस मिटवण्याचं जे कलम 320 मी दिलं ते जुनं झालं, मी आधी अभ्यास करावा, लोकअदालतीत गरिबांवर दबाव येतो, बायकांच्या केसेसही अशाच दाबल्या जातात. आणि शेवटचं वाक्य जसंच्या तसं देते: "केस मिटवणारा फिर्यादी विकला गेलेलाच असतो, तुमच्यासारख्यांना हे कळणार नाही."

कलमाचं मान्य. 1 जुलै 2024 पासून सीआरपीसी (फौजदारी खटले कसे चालवायचे तो जुना कायदा) जाऊन बीएनएसएस (त्याच विषयाचा नवा कायदा) आली, त्यात हे कलम 359 आहे, तो नंबर द्यायला हवा होता. पण त्या तारखेआधी कोर्टात सुरू असलेले खटले जुन्याच कायद्याने चालतात, म्हणून कोर्टात अजून 320 ऐकू येतं. एवढ्यासाठी अभ्यास काढायची गरज नव्हती.

आता ते वाक्य. माझे अण्णा असेच फिर्यादी होते. बांधावरून भावकीत भांडण झालं, काठीने उजवा हात मोडला, पोलिसांनी तेव्हाच्या दंड संहितेचं कलम 325 (गंभीर दुखापत) लावलं, म्हणजे सात वर्षांपर्यंत शिक्षेचा गुन्हा. मग जे सगळ्यांचं होतं तेच झालं. आज कोर्टाला वेळ नाही, उद्या आरोपीचा वकील गैरहजर, साक्षीला बोलावलं की साक्षीदार परगावी, कारण साक्षीदार पण त्याच गल्लीतले, त्यांना दोन्ही घरांत लग्नाकार्याला जायचं असतं. अण्णांचा हात खांद्याच्या वर जात नव्हता तरी प्रत्येक तारखेला एसटीने जायचे आणि संध्याकाळी पुढची तारीख घेऊन यायचे. हे बघत मी मोठी झालेय, त्यामुळे मला काय कळतं आणि काय नाही ते तुम्ही ठरवू नका.

शेवटी मिटवायचं ठरलं तेव्हा अट अण्णांनी घातली: आधी सरकारी मोजणी, दगड रोवायचे, मगच तडजोडीची पुरशीस, म्हणजे कोर्टात द्यायचं लेखी निवेदन. 325 मध्ये नुसतं दोघांनी ठरवून भागत नाही, कोर्टाची परवानगी लागते. साध्या मारहाणीचं 323 असतं तर तीही लागली नसती. जज साहेबांनी अण्णांना पुढे बोलावून विचारलं, कुणाचा दबाव आहे का, कुणी धमकी दिलीय का, वाचून सही केलीय का. अण्णा म्हणाले, "साहेब, माझा बांध मला मिळाला, आता मला शेती करू द्या." हा तुमचा विकला गेलेला माणूस.

आणि हो, औषधपाण्याचा खर्च घेतला. का नाही घ्यायचा? शिक्षा होऊन दंड झाला असता तर तो सरकारजमा, त्यातून जखमीला काही द्यायचं की नाही ते कोर्ट ठरवणार. आणि आरोपी आत गेला असता तरी बांध जिथे सरकवला होता तिथेच राहिला असता. कायद्यातला तक्ता उघडून बघा, प्रत्येक गुन्ह्यापुढे तो कोण मिटवू शकतो ते लिहिलंय, आणि मारहाणीपुढे 'ज्याला दुखापत झाली ती व्यक्ती' असं आहे. आरोपी कितीही पैसेवाला असू दे, जखमी माणूस नाही म्हणाला की विषय संपला. हा हक्क सामान्य फिर्यादीच्या हातात आहे, बाकी खटला सरकार चालवतं, आणि तोच हक्क त्याने वापरला की तुम्ही त्याला विकाऊ म्हणता, तेही त्याला न भेटता.

बायकांच्या केसेसचं म्हणाल तर माझा लेख आपसात मिटवता येणाऱ्या गुन्ह्यांवर होता. 498अ (सासरच्या छळाचं जुन्या दंड संहितेतलं कलम) त्या तक्त्यात नाहीच, तडजोड झाली तरी ती केस रद्द करायला हायकोर्टात जावं लागतं, आणि खून, बलात्कार, दरोडा असले गुन्हे तडजोड झाली म्हणून रद्द करायचे नाहीत हे सुप्रीम कोर्टाने 2012 च्या ग्यान सिंग निकालात सांगितलंय. लोकअदालतीलाही तडजोडपात्र नसलेल्या गुन्ह्यात हात घालता येत नाही. दबाव येतो, कुठेकुठे येतो, नाही म्हणत नाही, पण तो विषय वेगळा आहे.

त्यावर बोलायचं असेल तर जरूर बोलू, पण आधी ते वाक्य मागे घ्या. मला काहीही म्हणा, अण्णांसारख्यांना म्हणू नका.