चारशेवीस टाकायला निघालेल्या मित्रासाठी

सकाळी साडेसातला मित्राचा फोन आला. आधी पाऊसपाणी, मग पोरांची चौकशी, मग मुद्द्यावर. "तुझी पोलीस स्टेशनला ओळख आहे ना? चुलतभावावर ४२० टाकायचंय. जमिनीचा दावा चालू आहे रे, पण दिवाणीचं काय खरंय, आपण मसणात जाऊ तरी निकाल नाही. एकदा आत बसला की येतो वळणावर."

मी "बघतो" म्हणालो आणि फोन ठेवला. तेव्हापासून डोकं फिरलंय. त्याच्यावर जास्त चिडलोय की 'बघतो' म्हणणाऱ्या माझ्यावर, ते कळत नाही.

आमच्या नानांना तुमच्यातले बरेच जण ओळखतात. माझे चुलते, रिटायर हेडमास्तर. १९८७ ची वाटणी, फेरफार मंजूर, सातबाऱ्याला नाव लागलेलं. २०१६ साली भाऊबंदातल्या एकाला अचानक साक्षात्कार झाला की वाटणीच्या कागदावर त्याच्या वडिलांची सही बोगस आहे. एकोणतीस वर्षं झोपला होता का? नाही, त्या अकरा गुंठ्यांच्या कडेनं रस्ता मोठा होणार होता. दिवाणी दावा त्यानं टाकला, तिथं मनाई हुकूम मिळेना, मग गाठलं पोलीस स्टेशन. फसवणुकीचं ४२०, बनावट दस्ताची ४६७, ४६८, ४७१. यातल्या ४६७ ला जन्मठेपेपर्यंत शिक्षा आहे! बांधाच्या भांडणाला!

अटकपूर्व जामीन होईपर्यंत एकोणसत्तर वर्षांचे नाना चार रात्री पाव्हण्यांच्या घरी माडीवर झोपले. मीच सोडून आलो होतो. हातात साडीच्या दुकानाची पिशवी, त्यात बीपीच्या गोळ्या आणि फेरफाराची नक्कल. भेटेल त्याला नक्कल दाखवायचे. एसटीच्या कंडक्टरलासुद्धा दाखवली. शाळेच्या शंभर पानी वहीत त्यांनी खर्च लिहून ठेवलाय, वर ठसठशीत मथळा 'फौजदारी'. एसटी हाफ तिकीट. झेरॉक्स ४६ पानं. वडापाव २. वकिलांची फी मात्र नुसती 'व.' म्हणून, काकू वाचेल म्हणून.

२०१९ ला हायकोर्टानं गुन्हा रद्द केला. वाद दिवाणी आहे, फौजदारीचा रंग दिलाय, संपलं. निकाल बरोबरच. गावच्या ग्रुपवर "सत्याचा विजय" वगैरे हार-फुलं पडली. कसला डोंबलाचा विजय? ती तीन वर्षं कोण परत देणार? आणि ज्यानं गुन्हा टाकला त्याचं काय गेलं? एक रुपया नाही.

बरं, कायदा काही गुपित नाही. सुप्रीम कोर्टानं २००९ मध्ये मोहम्मद इब्राहिम विरुद्ध बिहार सरकार या जमिनीच्याच प्रकरणात सांगितलंय, एखाद्यानं दुसऱ्याची जमीन आपली म्हणून स्वतःच्या नावानं, स्वतःच्या सहीनं खरेदी करून दिली तरी तेवढ्यानं तो दस्त बनावट होत नाही. फसला असेल तर घेणारा फसला, मूळ मालकाला दिवाणी कोर्ट आहे. एप्रिल २०२५ मध्ये कानपूरच्या गोदामाच्या व्यवहारातला गुन्हा रद्द करताना त्याच कोर्टानं उत्तर प्रदेश सरकारलाच ५० हजारांचा भुर्दंड लावला. तरी ठाण्यात अर्ज घेतातच. नवे फौजदारी कायदे आले, कलमांचे नंबर बदलले, ४२० चं ३१८ झालं, हायकोर्टात गुन्हा रद्द करून घ्यायच्या ४८२ चं ५२८ झालं, बाकी सगळं जिथल्या तिथं.

हो, मान्य, खऱ्या बोगस सह्याही होतात. बहिणीला 'पेन्शनच्या कागदावर सही कर' म्हणून हक्कसोड करून घेणारे भाऊ आपल्याच गावात आहेत, त्यांच्यावर गुन्हा व्हायलाच पाहिजे. आणि दिवाणीला आयुष्य जातं हेही खरं. अलाहाबाद हायकोर्टानं एका पैशाच्या वादात जवळपास हेच म्हटलं होतं, की फिर्यादीला दिवाणीत पाठवलं तर वर्षानुवर्षं जातील. ऑगस्ट २०२५ मध्ये सुप्रीम कोर्ट त्यावर कसलं भडकलं! मला मात्र ते वाचून फिर्यादीची थोडी कीवच आली. पण म्हणून काय? दवाखान्यात रांग आहे म्हणून खाटकाकडे जायचं?

आता एक गोष्ट लिहू का नको असं होतंय. नानांवर गुन्हा झाला त्याच आठवड्यात आमच्या वडिलांनी त्या भाऊबंदावर एन.सी., म्हणजे अदखलपात्र तक्रार केली. ३२३, ५०४, ५०६. शिवीगाळ, धक्काबुक्की, जिवे मारण्याची धमकी. त्यातलं काहीही झालेलं नव्हतं. मी शेजारी उभा होतो. अर्जाचं अक्षर माझं आहे.

नानांनी मात्र त्या वहीत या एन.सी.चा एक रुपयाही लिहिला नाही. मी विचारलं, तर म्हणाले, "तो खर्च माझा नाही."

मूळ दावा अजून तालुक्याच्या कोर्टात आहे. नाना अजून पिशवी घेऊन जातात, हल्ली जिना चढताना मध्ये थांबतात. तो भाऊबंदही येतो, त्याचे गुडघे गेलेत. दोघं एकाच बाकावर बसतात, बोलत नाहीत.

मित्रा, तू हे वाचणार, मला माहितीय. तुझ्या वावरात तर नुसती अदलाबदल झालीय. गट त्याच्या नावावर, कसतोस तू, आणि तुझा तो कसतोय, तेही वडिलांच्या काळापासून. सरकारची सलोखा योजना यासाठीच आहे, बारा वर्षांचा ताबा असेल तर एक हजार मुद्रांक शुल्क आणि एक हजार नोंदणी फी, दोन्ही जमिनी ज्याच्या त्याच्या नावावर. पण त्याला दोघांची संमती लागते. ४२० टाकल्यावर तो कशाला सही करायला येईल?

संध्याकाळी फोन करतो. ठाण्यातल्या माणसाचा नंबर देणार नाही. मोजणीवाल्याचा देतो. आणि तुझ्या चुलतभावाचा नंबर माझ्याकडे आहे, दहावीपर्यंत माझ्याच बाकावर होता.