आधी लगीन तारखेचं

तुमच्या राष्ट्राला बुलेट ट्रेन हवी आहे, आणि एखाद-दुसरी नव्हे, चांगलं देशभर जाळंच हवं आहे, असं ठरलं असेल तर अभिनंदन. आता पहिलं काम म्हणजे तारीख जाहीर करा. माती परीक्षण, मोजणी, निविदा हे सगळं सवडीने होत राहील. तारीख मात्र १५ ऑगस्टचीच घ्या.

मुंबई-अहमदाबाद मार्गाची कोनशिला १४ सप्टेंबर २०१७ ला अहमदाबादेत बसली, तेव्हा गाडी धावणार होती १५ ऑगस्ट २०२२ ला. कागदोपत्री मुदत डिसेंबर २०२३ ची होती, पण कागद कोण वाचतो? आता पहिल्या तुकड्यासाठी १५ ऑगस्ट २०२७ सांगितली गेली आहे आणि अख्ख्या मार्गासाठी डिसेंबर २०२९. दिवस आणि महिना जागचे हलले नाहीत, हे लक्षात घ्या. १५ ऑगस्ट दरवर्षी येतो, हा या तारखेचा सगळ्यात मोठा गुण.

साल पुढे ढकलताना जोडीला अंतरही कमी करत जा. आधी ५०८ किलोमीटर म्हणा, मग सुरत ते बिलिमोरा म्हणा. मुहूर्त साधला असंही होतं आणि खोटंही बोलावं लागत नाही.

दुसरं काम खर्चाचा अंदाज. तो कमी सांगावा. यात शरमण्यासारखं काही नाही, खुद्द जपानचा दाखला आहे. तोकाइदो शिंकान्सेन, म्हणजे टोकियो-ओसाका बुलेट ट्रेनच्या वेळी तिथल्या राष्ट्रीय रेल्वेचे अध्यक्ष शिनजी सोगो यांनी अंदाजपत्रक मुद्दाम कमी दाखवलं, नाहीतर संसदेने मंजूरच केलं नसतं. वर जागतिक बँकेचं ८ कोटी डॉलरचं कर्ज घेऊन ठेवलं, म्हणजे पुढच्या सरकारला माघार घेता येऊ नये. खर्च जवळपास दुप्पट झाला. १९६३ मध्ये सोगो पायउतार झाले, मुख्य अभियंता हिदेओ शिमाही गेले, आणि १ ऑक्टोबर १९६४ ला गाडी सुटली तेव्हा त्या सोहळ्यात दोघेही नव्हते. यातला राजीनाम्याचा भाग आपण घ्यायची गरज नाही. तंत्रज्ञान हस्तांतरणाच्या करारात तो येत नाही.

आपला सुरुवातीचा अंदाज होता १ लाख ८ हजार कोटींचा. त्यातले ८१ टक्के जपानचं कर्ज, व्याज ०.१ टक्का, मुदत ५० वर्षं, पहिली १५ वर्षं मुद्दलाला हात लावायचा नाही. याला सभेत 'जवळपास फुकट' म्हणावं. कर्ज येनमध्ये आहे आणि तिकीट रुपयात विकलं जाणार आहे, मधल्या ५० वर्षांत येन आणि रुपया एकमेकांशी कसे वागतील ते कुणालाच माहीत नाही, हा तपशील सभेत काढू नये. १५ वर्षांची सवलत हा तर या कर्जाचा आत्माच आहे. फीत कापणारा एक आणि हप्ता भरणारा दुसरा, अशी सोय पतसंस्थेत मिळत नाही.

आता नकाशा. पट्टी घ्या आणि सरळ रेघ मारा. इथे खरोखरच नाइलाज आहे, उपरोध नाही. वेग दुप्पट झाला की वळणाची त्रिज्या चौपट लागते. ताशी ३५० किलोमीटरची रचना धरली तर वळण किमान ६ हजार मीटर त्रिज्येचं घ्यावं लागतं. मग कुणी म्हणालं, 'साहेब, जरा पन्नास मीटर सरकवा की, माझी विहीर वाचेल', तर त्या पन्नास मीटरसाठी किलोमीटरभराहून लांब उलटसुलट वळण द्यावं लागतं आणि रेघ दुसऱ्या कुणाच्या तरी चिकूच्या बागेत शिरते. हे सगळं गावात जाऊन, जमिनीवर फक्की मारून, पहिल्याच दिवशी समजावून सांगता येतं. पण तसं करू नका. आधी नोटीस पाठवा, मग पोलीस बंदोबस्तात मोजणी करा आणि ग्रामसभेने विरोधाचा ठराव केला की 'विकासाला विरोध' हे शब्द वापरा. पालघरसारख्या पेसा क्षेत्रात, म्हणजे आदिवासी भागांसाठीचा खास पंचायत कायदा लागू असलेल्या भागात, ग्रामसभेला कायद्याने काय काय अधिकार आहेत, ते नंतर कोर्टात कळतंच.

जमिनीचा खरा गुंता वेगळाच असतो आणि तो कुठल्याही सादरीकरणात दिसत नाही. खांबांवरच्या मार्गाला जागा लागते जेमतेम साडेसतरा मीटर रुंद. म्हणजे अख्खी शेतं जात नाहीत, प्रत्येकाच्या शेताची चिंधी जाते. सातबारावर आजोबांचं नाव, आजोबा जाऊन तीस वर्षं झालेली, फेरफार नाही, एक आत्या सुरतेला, एक काका वारले, त्यांची मुलं बोलत नाहीत. पैसे द्यायला सरकार तयार, घ्यायला घर तयार, पण सह्या जमत नाहीत. थेट खरेदीला २५ टक्के जादा मोबदला ठेवला तरी वारसदाखला काही त्या २५ टक्क्यांत येत नाही. तेव्हा तलाठ्याच्या रिकाम्या जागा आधी भरा, असा सल्ला कुणी दिला तर त्याची बदली करा.

आणि इथेच यंत्रांची गंमत सुरू होते. खांबांवर जे तुळईचे खोके बसतात त्यांना गर्डर म्हणतात. पूर्ण लांबीचा ४० मीटरचा एक गर्डर म्हणजे ३९० घनमीटर काँक्रीट, ४२ टन सळई आणि एकूण वजन ९७० टन. तो कास्टिंग यार्डात ओततात, स्ट्रॅडल कॅरियर उचलतो, मग गर्डर ट्रान्सपोर्टरवर चढवून आधी बसवलेल्या गर्डरांवरूनच पुढे नेतात आणि टोकाशी उभा असलेला लॉन्चर तो दोन खांबांवर अलगद ठेवतो. तुकडे जोडून पूल करण्यापेक्षा ही पद्धत साधारण दहापट वेगवान. फक्त एक अट: वाट अखंड हवी. मधल्या एका खांबाची जागा ताब्यात नसेल तर ट्रान्सपोर्टर तिथे येऊन थांबतो, पलीकडची मोकळी जमीन बघत. मग त्या तेवढ्या भागासाठी साठ-साठ टनांचे १९ तुकडे जोडून एक गाळा करायचा, किंवा दुसरीकडे नवं यार्ड टाकायचं. म्हणून '९९ टक्के भूसंपादन पूर्ण' हे वाक्य फार आवडतं करा. उरलेला एक टक्का सलग एका टोकाला असतो, असं ऐकणाऱ्याला वाटतं. प्रत्यक्षात तो तांदळातल्या खड्यांसारखा सगळीकडे विखुरलेला असतो. या मार्गाचं संपादन १०० टक्के झालं जानेवारी २०२४ मध्ये, म्हणजे गाडी धावायची पहिली तारीख उलटून दीड वर्षाने.

शहरात आल्यावर जमिनीवर भांडू नका, जमिनीखाली जा. वांद्रे-कुर्ला संकुल ते शिळफाटा २१ किलोमीटरचा बोगदा, त्यातले ७ किलोमीटर ठाणे खाडीखालून. जाणारा आणि येणारा असे दोन्ही रूळ एकाच नळीत, म्हणून खोदणाऱ्या यंत्राचं तोंड १३.६ मीटर व्यासाचं. मेट्रोची यंत्रं याच्या निम्म्याचीही नसतात. पण बोगद्यालाही वर यायला भोक लागतं आणि भोकाला मालक असतो. विक्रोळीच्या शाफ्टसाठी गोदरेजची ३९,२५२ चौरस मीटर जागा, २६४ कोटींचा मोबदला आणि उच्च न्यायालयाचा निकाल फेब्रुवारी २०२३ मध्ये. तोवर यंत्र मागवायचं तरी कशाला? मागवलं तेही असं, की जपानी पद्धतीच्या रेल्वेसाठी जर्मन कंपनीचं यंत्र २०२५ मध्ये चीनच्या बंदरात अडकलं. आंतरराष्ट्रीय सहकार्य म्हणतात ते हेच.

वांद्रे-कुर्ला संकुलातल्या स्थानकाची कथा तर अभ्यासक्रमात लावावी. ३२ मीटर खोल, सहा फलाट. आणि जागेवर काय, तर पेट्रोल पंप. राज्यात एक सरकार असताना पंप हलत नव्हता, जून २०२२ मध्ये दुसरं आलं आणि तो हलला. भूगर्भशास्त्र तेच होतं. तेव्हा नियोजनात खडकाच्या थरांबरोबर आमदारांचे थरही मोजून ठेवा.

खारफुटीचं सोपं आहे. आधी ५३ हजारांवर झाडं तोडायची म्हणा, मग आराखडा सुधारून २२ हजारांवर या. डिसेंबर २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने परवानगी दिली. कत्तलीच्या बातमीचा मथळा 'तीस हजार झाडं वाचली' असाही करता येतो.

स्थानकं शहरापासून लांब ठेवा. ठाण्याचं म्हातार्डीला, दिव्याच्या बाजूला. तलावपाळीच्या माणसाने तिथवर कसं जायचं, हा महापालिकेचा विषय. महाराष्ट्रातून मार्ग जातो १५६ किलोमीटर, स्थानकं चार: मुंबई, ठाणे, विरार, बोईसर. बाकीच्या महाराष्ट्राला काहीच मिळालं नाही अशी ओरड झाली, तर शांतपणे भूकंपमापकांची यादी पुढे करा. मार्गालगत २२ मापक आहेतच, शिवाय दूरवरच्या धक्क्याची चाहूल घ्यायला सहा वेगळे. त्यातले चार महाराष्ट्रात: खेड, रत्नागिरी, लातूर आणि पांगरी. पहिली सौम्य लहर टिपली की वीज आपोआप तुटते आणि मोठा हादरा पोचायच्या आत ब्रेक लागतात. यंत्रणा उत्तमच आहे. लातूरकरांना एवढं सांगा, की तुमच्याकडे जमीन हलली तर मुंबईची बुलेट ट्रेन थांबेल. इतकं महत्त्व याआधी कुणी दिलं होतं?

गाडी शेवटी घ्या. ती आधी ठरवली तर जुनी होते. करार झाला तेव्हा जपानची ई५ ही गाडी होती, आता तिच्या पुढच्या पिढीच्या ई१० ची वाट पाहायची, आणि मधल्या काळात बंगळुरूच्या बीईएमएल या सरकारी कंपनीचे डबे: आठ-आठ डब्यांच्या दोन गाड्या, ताशी २८० किलोमीटरच्या रचनेच्या, ८६६.८७ कोटींना. रूळ मात्र जपानी धाटणीचा; खडी नाही, काँक्रीटच्या थरावर सिमेंट-डांबराचा मसाला आणि त्यावर ३.९ टनांची ओतीव फरशी. तो मसाला हा या रुळाचा जीव. फरशी आणि थर यांच्यात पोकळी राहिली, की गाडीचा प्रत्येक दणका तिथे आपटतो आणि कडेने मसाला सुटायला लागतो. मिश्रणाचं तापमान, पातळपणा आणि ओतायला मिळणारी मिनिटं यांत ढिलाई चालत नाही. त्यासाठी आपल्या अभियंत्यांना जपानी प्रशिक्षकांनी शिकवलं, परीक्षा घेतल्या, प्रमाणपत्रं दिली. या भागात खरोखर नीट काम झालं आहे, म्हणून यावर कुणी भाषण करत नाही.

परदेशी दाखले जपून निवडा. कॅलिफोर्नियाने २००८ मध्ये मतदान घेतलं, अंदाज ३३ अब्ज डॉलर, गाडी २०२० ला. आकडा १०० अब्जांपलीकडे गेला, उतारू एकही नाही. ब्रिटनने वटवाघळांच्या रक्षणासाठी रुळावर दहा कोटी पौंडांचं छत घालायला घेतलं आणि ऑक्टोबर २०२३ मध्ये पंतप्रधान सुनक यांनी मँचेस्टरपर्यंतचा टप्पा रद्द केला. रद्द केल्याची घोषणा मँचेस्टरलाच, आणि तीही एका जुन्या रेल्वे स्थानकाचं सभागृह केलेल्या इमारतीत. असे दाखले दिले की आपला उशीर लहान दिसतो.

चीनचा दाखला फक्त किलोमीटरपुरता द्या. २००८ पासून ४५ हजारांहून अधिक. एकाच मापाचे गर्डर, यार्ड उठवून पुढच्या मार्गावर नेणं, एक मार्ग संपायच्या आत तीच माणसं दुसऱ्यावर लावणं, म्हणून दर उतरत गेला, हे सांगू नका. २०११ मध्ये वेन्झोऊला वीज पडून सिग्नल बिघडला, ४० माणसं गेली, हेही नको. गाडी चुकून धावली तर सुरक्षेचं विचारतील.

आपल्याकडे जाळं यादीने विणतात. आधी सात मार्गांची यादी आली, त्यात मुंबई-नागपूर होतं. २०२६ च्या अर्थसंकल्पात पुन्हा सात मार्ग आले, त्यात मुंबई-पुणे आहे, मुंबई-नागपूर नाही. सात हा आकडा सांभाळला म्हणजे झालं, मार्ग बदलले तर बदलले. दरम्यान गुजरातेत लॉन्चर चालवायला तयार झालेल्या माणसांना पुढचं काम कधी, कुठे, हे कळू देऊ नका. ती आखातात जातील, मग पुढच्या मार्गासाठी पुन्हा प्रशिक्षण केंद्राचं उद्घाटन करता येईल.

एवढं करूनही गाडी सुरू झालीच, तर थांबे मागा. ५०८ किलोमीटरला ताशी ३२० ने दीड तासाहून थोडी जास्त वेळ लागायला हवी. मोजके थांबे घेऊन २ तास ७ मिनिटं लागतील, सगळी बारा स्थानकं घेतली तर २ तास ५८ मिनिटं. म्हणजे सरासरी ताशी १७१. अजून वाव आहे. पालघरला का नाही? वसईकरांनी काय पाप केलं? नवसारीच्या खासदारांचं पत्र, डहाणूच्या प्रवासी संघाचं निवेदन, सणासुदीला जादा थांबा. रात्री १२ ते पहाटे ६ गाडी बंद, कारण तेवढ्या वेळात रूळ आणि तारा तपासायच्या असतात, हा जपानी नियमही फार ताठर आहे. नवरात्रात गरब्याहून परतणाऱ्यांसाठी एखादी दोन वाजताची सोडायला काय हरकत आहे? प्रत्येक थांब्याला हिरवा झेंडा, नारळ आणि चार खुर्च्या. फलाट ४१५ मीटरचा आहे, मंडपाला जागा भरपूर.