सीएचबीवाल्यांना महिन्याला पन्नास हजार मिळतात म्हणे, मग एकदा हिशोबच बघा

गेले आठ-दहा दिवस सोलापुरातल्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एक मेसेज फिरतोय. आमच्या भावकीच्या ग्रुपवर आला, सोसायटीच्या ग्रुपवर आला आणि काल तर माझ्याच एका जुन्या विद्यार्थ्यानं पाठवून विचारलं, सर हे खरंय का. मेसेजमध्ये लिहिलंय की कॉलेजातले सीएचबी (क्लॉक अवर बेसिस, म्हणजे शिकवलेल्या तासांवर पैसे मिळणारे) प्राध्यापक रोज तास-दोन तास शिकवून तासाला दीड हजार आणि महिन्याला पन्नास हजार घेतात, वर उन्हाळ्याची सुट्टी, करारावर सही स्वतःच करतात आणि मग समान वेतन मागतात, कोर्टानं तर यांना केव्हाच नाही म्हणून सांगितलंय. मी सात वर्षं सीएचबीवर म्हणजे तासिका तत्त्वावर शिकवतोय, सोलापूरहून एसटीनं तालुक्याच्या कॉलेजला रोज जाऊन-येऊन. त्यामुळं एकेक गोष्ट घेऊन उत्तर देतो.

आधी ते पन्नास हजार. हा आकडा हवेतनं आलेला नाही. यूजीसीनं म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगानं २८ जानेवारी २०१९ ला गेस्ट फॅकल्टीसाठी (तात्पुरते बोलावलेले प्राध्यापक) सांगितलं की तासाला १,५०० आणि महिन्याला जास्तीत जास्त ५०,००० द्या. पण ते यूजीसीचं झालं, आपल्या हातात पडतो तो राज्य सरकारचा दर. महाराष्ट्रात मार्च २०२३ च्या जीआरनं पदवीच्या वर्गाला तासाला ९०० झाले, त्याआधी ६२५ होते आणि त्याच्याही आधी ५००. मेसेज लिहिणाऱ्यानं यूजीसीचा आकडा उचलला आणि आमच्या खिशात टाकला.

आता गुणाकार करा. एका रिकाम्या पदाचा वर्कलोड, म्हणजे शिकवायचे तास, दोघांत वाटतात, म्हणून माझ्या वाट्याला आठवड्याला ९ तास. ९ गुणिले ९०० म्हणजे ८,१००, चार आठवड्यांचे ३२,४००. हेसुद्धा एकही तास बुडला नाही तर. गणपती, दिवाळी, परीक्षा, सोलापूरची गड्ड्याची यात्रा, वर्ग भरला नाही की पैसे नाहीत. वर्षात शिकवायचे आठवडे ३० धरले तर होतात २,४३,००० आणि बारा महिन्यांवर वाटले की महिन्याला २०,२५०. तेही प्राध्यापक व्हायच्या नेट-सेट परीक्षा आणि पीएचडी करून. नियमित सहायक प्राध्यापकाची सुरुवातच ५७,७०० मूळ वेतनावर होते, महागाई भत्ता वेगळा, आणि तो पगार मे महिन्यातही येतो.

उन्हाळ्याच्या सुट्टीचं उत्तर यातच आलं. ती सुट्टी नाही ओ, त्या महिन्यांत आम्ही कामावरच नसतो. नेमणुकीची ऑर्डर दरवर्षी नवीन निघते, कधी ऑगस्टला तर कधी सप्टेंबरला, आणि वर्ग संपले की ती पण संपते.

रोज तास-दोन तास काम हे तर फक्त टाइमटेबल बघून बोलणं झालं. अॅडमिशनच्या वेळी गावोगाव फिरायचं, नॅकच्या (कॉलेजला दर्जा देणारी संस्था) फायली करायच्या, परीक्षेला सुपरव्हिजन, एनएसएसचं शिबिर, यातलं बरंचसं तासिकेत मोजलंच जात नाही. आणि नाही म्हणावं तर पुढच्या वर्षी ऑर्डर मिळेल का याची धास्ती. हे मला सगळ्यात जास्त लागतं, पैशापेक्षाही.

सही केली म्हणजे मान्य केलं, यावर मी काही बोलण्यापेक्षा सुप्रीम कोर्ट काय म्हणालं ते बघा. २६ ऑक्टोबर २०१६ च्या पंजाब सरकार विरुद्ध जगजित सिंग निकालात कोर्टानं म्हटलंय की कमी पगारावर कुणी राजीखुशीनं काम करत नाही, घरच्यांच्या अन्न-निवाऱ्यासाठी स्वाभिमान बाजूला ठेवून करतो. त्याच निकालात, काम तेच असेल तर हंगामी कर्मचाऱ्यालाही वेतनश्रेणीतलं किमान वेतन द्यावं असं सांगितलंय.

मग कोर्टानं नाही म्हटलं ते काय? ते आहे सुप्रीम कोर्टाचं २००६ चं कर्नाटक सरकार विरुद्ध उमादेवी प्रकरण, आणि इथं मेसेजमध्ये अर्धी गोष्ट खरी आहे ती मी मान्य करतो. तासिकेवर वर्षानुवर्षं काढली म्हणून आपोआप परमनंट व्हायचा हक्क मिळत नाही. पण परमनंट होणं वेगळं आणि केलेल्या कामाचा पगार वेगळा, या दोन गोष्टी मुद्दाम एकत्र केल्या जातात. ऑगस्ट २०२५ मध्ये गुजरातच्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांना महिना ३०,००० मिळतात हे बघून सुप्रीम कोर्टानं चिंता व्यक्त केली आणि त्यांना वेतनश्रेणीतलं किमान वेतन द्यायला लावलं. ते कंत्राटी आहेत आणि आम्ही तासिकेवर, त्यामुळं तो निकाल आम्हाला जशाला तसा लागू होतो असं मी म्हणणार नाही. जगजित सिंगमध्येही काम सारखं आहे हे सिद्ध करायची जबाबदारी कर्मचाऱ्यावरच टाकलीय.

म्हणूनच सीएचबीवरच्या सगळ्यांना हात जोडून सांगतो, मस्टरचा म्हणजे हजेरीपत्रकाचा फोटो दर आठवड्याला काढून ठेवा, टाइमटेबल, सुपरव्हिजनच्या ऑर्डरी, सगळं जपा. बिल अडकलं तर नुसत्या चकरा मारत बसू नका, १० रुपयांच्या फीवर माहिती अधिकारात अर्ज टाका, ३० दिवसांत उत्तर द्यावं लागतं. माझं दोन वर्षांपूर्वीचं ऑक्टोबर ते फेब्रुवारीचं बिल मार्चपर्यंत आलं नव्हतं, विचारलं की वरनं ग्रँट नाही एवढंच ऐकायला मिळायचं. शेवटी अर्ज केला तेव्हा कळलं की बिल कॉलेजातनं पुढं गेलंच नव्हतं. एप्रिलमध्ये पैसे जमा झाले, पाचही महिन्यांचे एकदम.