१९११ ची आयएफए शील्ड आणि दिल्लीला गेलेली राजधानी

दरवर्षी २९ जुलै जवळ आली की समाजमाध्यमांवर एक मजकूर हमखास फिरू लागतो. १९११ मध्ये याच दिवशी अनवाणी खेळणाऱ्या कलकत्त्याच्या मोहन बागान क्लबने आयएफए शील्ड ही इंडियन फुटबॉल असोसिएशनची स्पर्धा जिंकून गोऱ्यांना फुटबॉलमध्ये प्रथमच हरवले, त्या धसक्याने इंग्रजांनी राजधानी कलकत्त्याहून दिल्लीला हलवली आणि भारतीय संघांसाठी सगळ्या स्पर्धांची दारे उघडली, असा त्याचा आशय असतो. शील्ड जिंकली हे खरेच आहे. तिच्याभोवती रचलेले बाकीचे बहुतेक तपासणीत टिकत नाही.

सर्वांत मोठा दावा राजधानीचा आहे आणि तो केवळ तारखांनीच कोसळतो. राजधानी दिल्लीला न्यावी आणि त्याबरोबरच बंगालच्या फाळणीचा फेरविचार करावा, असे सुचवणारे टिपण व्हाइसरॉय हार्डिंज यांच्या कार्यकारी मंडळातील गृह सदस्य जॉन जेनकिन्स यांनी १७ जून १९११ रोजी लिहिले, म्हणजे अंतिम सामन्याच्या सहा आठवडे आधी. २५ ऑगस्टला भारतमंत्री क्रू यांच्याकडे गेलेल्या खलित्यात दिलेली कारणेही राज्यकारभाराचीच आहेत: कलकत्ता देशाच्या एका टोकाला होते, भारत सरकार आणि बंगाल सरकार एकाच शहरात असणे गैरसोयीचे ठरत होते आणि फाळणीविरुद्धचा असंतोष शमत नव्हता. १२ डिसेंबरच्या दिल्ली दरबारात घोषणा झाली, ती या पत्रव्यवहाराची परिणती होती. सामना आणि घोषणा एकाच वर्षात आल्या, एवढ्यावरून कार्यकारणभाव जोडणे हा निव्वळ उतावीळपणा आहे.

‘प्रथमच’ हा शब्दही चुकीचा आहे. कलकत्त्याच्याच शोभाबाजार क्लबने १८९२ मध्ये ट्रेड्स कप स्पर्धेत ईस्ट सरे रेजिमेंट या ब्रिटिश लष्करी संघाला हरवले होते, तर खुद्द मोहन बागानने १९०६ ते १९०८ अशी सलग तीन वर्षे ट्रेड्स कप जिंकला होता. शील्ड पटकावणारा तो पहिला भारतीय संघ होता, असे म्हटले तर ते अचूक ठरेल. अनवाणीपणाबद्दल सांगायचे तर अकरापैकी सुधीर चटर्जी बूट घालून खेळले होते. अंतिम सामन्यात जॅक्सनच्या गोलने ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंट पुढे होती. शिबदास भादुरी यांनी बरोबरी साधली आणि अभिलाष घोष यांनी २–१ असा निकाल लावला. हा पराक्रम इतका भक्कम आहे की त्याला पदरच्या मजकुराची गरजच नव्हती.

राहिला दारे उघडल्याचा मुद्दा. १८९८ पासून चाललेल्या कलकत्ता लीगमध्ये भारतीय संघांना शील्डनंतरही प्रवेश नव्हता; शील्डविजेत्या मोहन बागानला दुसऱ्या विभागात जागा मिळाली ती १९१४ मध्ये आणि पहिल्या विभागात १९१५ मध्ये. मुंबईत १८९१ पासून चालत आलेल्या रोव्हर्स कपच्या अंतिम फेरीत मोहन बागान १९२३ मध्ये पोहोचला आणि डरहम लाइट इन्फंट्रीकडून हरला, तर तो चषक भारतीय संघाकडे प्रथम आला १९३७ मध्ये, बंगळूर मुस्लिम्सकडे.