पुरावा आणा म्हणणारी बाई

२०२३च्या ऑक्टोबरात सर्वोच्च न्यायालयाने समलिंगी विवाहाला मान्यता नाकारली, त्या दिवशी आमच्या घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर काकांनी लिहिलं, "ही सगळी तुमच्या अमेरिकेची थेरं. आपल्यात असलं कधी होतं, पुरावा दाखव." मी तेंडुलकरांच्या 'मित्राची गोष्ट'चं, बाईवर प्रेम करणाऱ्या बाईच्या नाटकाचं, नाव टाकलं, सालासकट, १९८१. "नाटकं नकोत," काका म्हणाले.

वाद सोडला. पण 'पुरावा' शब्दावरून एक गाणं आठवलं: मा रेनी या काळ्या अमेरिकन ब्लूज गायिकेचं 'प्रूव्ह इट ऑन मी ब्लूज', म्हणजे 'माझ्यावर सिद्ध करून दाखवा'. १९२८ सालचं, मी राहते त्याच शिकागोत रेकॉर्ड झालेलं. पॅरामाउंट या रेकॉर्ड कंपनीची तबकडी म्हणजे खरखर ठरलेली. मालकांचा मूळ धंदा खुर्च्यांचा, त्यात ग्रामोफोनची कपाटं खपावीत म्हणून गाणी काढलेली. त्या खरखरीतून बाई ठणकावते: काल मैत्रिणींबरोबर होते, पुरुष मला आवडत नाहीत, कॉलर-टाय लावते. लोक बोलतात, पण रंगेहाथ धरलंय कुणी? सिद्ध करा की!

या तबकडीची जाहिरात तर गाण्याहून धीट. हॅट, कोट, टाय घातलेली धिप्पाड बाई रस्त्यात दोन नटलेल्या पोरींशी बोलतेय आणि लांबून पोलीस बघतोय.

काकांना वाटते तशी अमेरिका तेव्हा मोकळी नव्हती. शिकागो ज्या राज्यात आहे त्या इलिनॉयमध्ये असे संबंध गुन्हाच होते. ते कलम काढणारं हे देशातलं पहिलं राज्य, तेही १९६१ साली. न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये टॉप हॅट घालून पियानो वाजवणाऱ्या, बायकांवरचं प्रेम न लपवणाऱ्या ग्लॅडिस बेंटलीने तर १९५२ मध्ये मासिकात लेख लिहून 'मी पुन्हा बाई झाले' असं जाहीर केलं. म्हणजे मधल्या काळात पाऊल मागेच पडलं.

इकडच्या मंडळींचंही मला सगळं पटत नाही. मा रेनीवर आता सिनेमा आहे, कौतुक आहे, आणि कपाळावर एक चिठ्ठी चिकटवली की काम झालं. तिला नवरा होता, पुरुषांसाठी झुरणारी गाणीही तिने गायली. हे गाणं कबुलीजबाब म्हणून ऐकलं की त्यातला खट्याळपणा मरतो. बाई सगळं सांगते, सही मात्र कशावरच करत नाही. काळ्या बाईवर पोलिसांची नजर असायची त्या काळात याला मी भित्रेपणा म्हणणार नाही.

शेवटी ती जाहिरात आणि गाणं ग्रुपवर टाकलं. काका गप्प. सांगलीच्या आत्याचं उत्तर आलं: "आवाज खणखणीत आहे गं. पण तो पोलीस टायकडे बघतोय की पोरींकडे?"