चॅनल बंद केल्यानं देश सुधरत नसतात, काकाजी

"आफ्रिका जागी झाली, भारत कधी होणार?" हा मेसेज आमच्या घरच्या ग्रुपवर काकाजींनी टाकला. त्यांना तो अंबाझरीला सकाळी फिरणाऱ्या मंडळींकडून आलेला. वर दोन बाण, सहा मुद्दे, प्रत्येकापुढे लाल गोळा आणि शेवटी 'विचार करा व पुढे पाठवा'. विचार कोणी केलेला दिसत नाही, पुढे मात्र धडाधड गेला. एरवी दुर्लक्ष केलं असतं. पण यातल्या दोन मुद्द्यांत मीडिया दाबण्याचं उघड कौतुक आहे, आणि रोज तीन पेपर वाचणाऱ्या माणसानं ते पाठवलंय.

मेसेज काय म्हणतो ते आधी सांगतो. आफ्रिकेची जगभरातली बदनामी हा गोऱ्या मीडियाचा कट. आफ्रिकेला स्वतःचे पत्रकार नाहीतच. रवांडात एका रेडिओनं दहा लाख माणसं मारली, म्हणजे तिथे मोकळा मीडिया हे माकडाच्या हाती कोलीत. बुर्किना फासोच्या तरुण कॅप्टननं विदेशी चॅनल हाकलले, आयएमएफला (आंतरराष्ट्रीय नाणेनिधीला) लाथ मारली आणि दोन वर्षांत देश उभा केला. सोबतचे व्हिडिओ 'मीडिया दाखवत नाही'. म्हणून भारतानंही तेच करावं.

सुरुवात रवांडापासून, कारण सगळ्यात घातक मुद्दा तोच आहे. (माकड कोणाला म्हटलंय तेही एकदा बघून घ्या.)

१९९४ मध्ये रवांडात बहुसंख्य हुतूंच्या राजवटीनं अल्पसंख्य टुत्सींचं हत्याकांड घडवलं. त्यात गाजलेल्या त्या रेडिओचं नाव आरटीएलएम. जुलै १९९३ मध्ये राजधानी किगालीत सुरू झाला. कागदोपत्री खासगी, पण पैसा आणि माणसं राष्ट्राध्यक्ष हब्यारिमाना यांच्या गोटातली. सरकारी रेडिओ रवांडा ज्या वेळेत बंद असे, त्या वेळेत त्याच्याच फ्रिक्वेन्सीवर वाजायची या स्टेशनला मुभा होती. अशी सवलत मोकळ्या मीडियाला कोणतं सरकार देतं? माहितीमंत्री फॉस्टिन रुकोगोझा विरोधी पक्षातून मंत्रिमंडळात आलेले. त्यांनी या स्टेशनला भडकाऊ प्रसारणाबद्दल ताकीद दिली होती. ७ एप्रिल १९९४ ला, हत्याकांडाच्या पहिल्याच दिवशी, त्यांना मारण्यात आलं. म्हणजे सत्तेतल्या एका टोळीनं आपला रेडिओ उभा केला आणि त्याला आवरू पाहणारा मंत्रीच संपवला. यातून 'मीडियावर सरकारचा ताबा हवा' हा निष्कर्ष काढायला वेगळंच डोकं लागतं. आपल्याकडे याला भैताडपणा म्हणतात.

तो रेडिओ चालायचा कसा, हे समजून घेण्यासारखं आहे. सरकारी रेडिओवर रटाळ बातमीपत्र आणि भाषणं, तर इकडे शेजारच्या झैरेची (आजच्या काँगोची) नाचती गाणी, टवाळ गप्पा, श्रोत्यांशी थेट बोलणं. आधी कान मिळवले, मग त्यात विष ओतलं. टुत्सींना झुरळं म्हणण्याची सवय लोकांच्या जिभेला आधीच लावून ठेवलेली होती. 'कांगुरा' या पत्रानं डिसेंबर १९९० मध्येच हुतूंसाठी दहा आज्ञा छापल्या होत्या, टुत्सी बाईशी लग्न करणारा गद्दार वगैरे. एप्रिल उजाडल्यावर रेडिओवरून नावं, पत्ते, गाड्यांचे नंबर, कोण कुठे लपलंय हे सांगितलं जाऊ लागलं, आणि रस्ते अडवून बसलेली टोळकी ट्रान्झिस्टर लावून ते ऐकत होती.

तरीही 'एका रेडिओनं दहा लाख मारले' हे खोटंच. मेलेल्यांचा आकडा साधारण आठ लाख धरतात, रवांडाचं सरकार दहा लाखांवर सांगतं, त्यावर वाद घालत नाही. प्रश्न रेडिओच्या वाट्याचा आहे. डेव्हिड यानागिझावा-ड्रॉट या अर्थशास्त्रज्ञाचा २०१४ चा अभ्यास इथे फार उपयोगी पडतो. रवांडा डोंगराळ, एफएमच्या लहरी टेकडी ओलांडत नाहीत. त्यामुळे शेजारशेजारच्या गावांत एकीकडे स्टेशन खणखणीत लागायचं, टेकडीआडच्या गावात नुसती खरखर. अशा गावांतून नंतर किती जणांवर हत्याकांडाचे खटले चालले, याची त्यांनी तुलना केली. निष्कर्ष असा की एकूण सहभागापैकी सुमारे १० टक्के, म्हणजे ५० हजारांच्या आसपास माणसांचा सहभाग, रेडिओमुळे होता. आकडा भयंकर आहे, पण उरलेल्या ९० टक्क्यांचं काय? तिथे लष्कर होतं, पक्षाच्या टोळ्या होत्या, घरोघरच्या याद्या ठेवणारी सरकारी यंत्रणा होती. सगळं खापर मायक्रोफोनवर फोडलं की हे सगळे सुटतात.

बाहेरच्या जगाचा हिशेबही मांडून टाकू. विमानातून हे प्रसारण जॅम करावं असा विचार अमेरिकेत झाला होता. ५ मे १९९४ च्या पेंटागॉनच्या टिपणात त्याचा खर्च उड्डाणाच्या तासाला सुमारे ८,५०० डॉलर असा लिहिला आहे. मार्ग महाग आणि निरुपयोगी ठरवून सोडून दिला. त्याआधी, २१ एप्रिललाच, संयुक्त राष्ट्रांनी तिथली शांतिसेना २७० माणसांवर आणायचं ठरवलं होतं. त्याच एप्रिलच्या शेवटच्या आठवड्यात दक्षिण आफ्रिकेची पहिली सर्ववंशीय निवडणूक, त्यामुळे जगभरचे बातमीदार तिकडे गोळा झालेले. रवांडाबद्दल जे छापून येई त्यातही 'टोळ्यांमधलं जुनं वैर' हा सूर. जुनं वैर म्हटलं की कोणी काही करायची जबाबदारी उरत नाही. कॅमेऱ्यांची झुंबड उडाली ती जुलैत, सीमेपलीकडे झैरेतल्या गोमाच्या छावण्यांत कॉलरा पसरल्यावर. त्या छावण्यांत मारेकरीही होते, पडद्यावर सगळेच सारखे निर्वासित दिसले.

शिक्षा झाली ती नावानिशी. टांझानियातल्या अरुशाच्या आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणानं ३ डिसेंबर २००३ ला आरटीएलएमचे दोन संस्थापक, नाहिमाना आणि बारायाग्विझा, आणि 'कांगुरा'चा संपादक एन्गेझे यांना दोषी ठरवलं. २००७ च्या अपिलात काही आरोप गळाले, शिक्षा कमी झाल्या, पण नरसंहाराला थेट चिथावणी दिल्याचा ठपका नाहिमाना आणि एन्गेझे यांच्यावर राहिला आणि बारायाग्विझाही इतर गुन्ह्यांत दोषीच राहिला. कोणी काय बोललं, त्यानंतर काय घडलं, हे एकेक प्रसारण ऐकून, वाचून ठरवलं गेलं. 'मीडिया' नावाच्या हवेतल्या राक्षसावर खटला चालत नसतो.

आता बुर्किना फासो. कॅप्टन इब्राहिम त्राओरे ३० सप्टेंबर २०२२ ला सत्तेवर आले. डिसेंबरमध्ये आरएफआय हा फ्रेंच रेडिओ बंद, मार्च २०२३ मध्ये फ्रान्स २४ बंद. इथवर मेसेज बरोबर. आयएमएफला लाथ? सप्टेंबर २०२३ मध्ये याच सरकारला आयएमएफनं चार वर्षांसाठी सुमारे ३० कोटी डॉलरचं कर्ज मंजूर केलं. लाथ मारल्यावर कोणी कर्ज देतं का हो? सोन्याच्या दोन खाणी सरकारनं ताब्यात घेतल्या हे खरं, खाणींचा कायदाही बदलला, त्याचं श्रेय द्या हवं तर.

पण एप्रिल २०२४ मध्ये बीबीसी आणि व्हॉइस ऑफ अमेरिका यांचं प्रसारण दोन आठवडे का थांबवलं, ते मेसेजमध्ये नाही. २५ फेब्रुवारीला देशाच्या उत्तरेतल्या नोंदिन आणि सोरो या दोन गावांत सैन्यानं किमान २२३ नागरिक मारले, त्यांत ५६ मुलं, असा ह्युमन राइट्स वॉच या मानवाधिकार संघटनेचा अहवाल आला आणि या दोघांनी ती बातमी दिली. गुन्हा एवढाच. काकाजी, तुम्ही ज्याला 'जागी होणं' म्हणून पुढे पाठवलं, ते हे आहे.

आणि हाकलले काय फक्त विदेशी? ऑगस्ट २०२३ मध्ये राजधानी वागाडुगूचा स्वतःचा रेडिओ ओमेगा एका मुलाखतीपायी बंद ठेवला गेला. मार्च २०२५ मध्ये तिथल्या पत्रकार संघटनेच्या अध्यक्ष-उपाध्यक्षांना, माध्यमांच्या गळचेपीवर बोलले म्हणून, उचललं. पुढे ते एका व्हिडिओत लष्करी गणवेशात दिसले, कारण त्यांना सक्तीनं सैन्यात घातलं होतं. काही महिन्यांनी सुटले. दरम्यान रशियाशी निगडित 'आफ्रिकन इनिशिएटिव्ह' ही वृत्तसंस्था त्याच शहरात कार्यालय थाटून बसली. विदेशी मीडिया गेला नाही, विदेश बदलला.

कटाच्या मुद्द्यात अर्धं खरं आहे, ते नाइलाजानं मान्य करतो. 'द इकॉनॉमिस्ट'नं मे २००० मध्ये मुखपृष्ठावरच अख्खा खंड 'हताश' ठरवला आणि डिसेंबर २०११ मध्ये तोच खंड 'उभारी घेतोय' म्हणून छापला. ५४ देशांना एकच प्रगतिपुस्तक! इबोलाच्या वेळी हेच झालं. २०१४ ते २०१६ मधले सुमारे २८,६०० रुग्ण आणि ११,३०० मृत्यू जवळपास सगळे गिनी, लायबेरिया आणि सिएरा लिओन या तीन देशांतले. नायजेरियानं २० रुग्णांवर साथ थोपवली. पण भीती सगळ्या खंडाची बसली. आपल्या सरकारनंही डिसेंबर २०१४ ची भारत-आफ्रिका शिखर परिषद ऑक्टोबर २०१५ वर ढकलली. मार्च २०१७ मध्ये ग्रेटर नोएडात एका मुलाच्या मृत्यूनंतर नायजेरियन विद्यार्थी माणसं खातात अशी अफवा उठली आणि मॉलमध्ये त्यांना जमावानं बेदम मारलं. हा गोऱ्यांचा कट नव्हता, आपलेच लोक होते. बदनामीची किंमत पैशात काढायचा प्रयत्नही झालाय. 'आफ्रिका नो फिल्टर' आणि 'आफ्रिका प्रॅक्टिस' यांच्या २०२४ च्या अहवालानं, सारखीच जोखीम असलेल्या इतर देशांच्या निवडणूक-बातम्यांशी तुलना करून, कर्जावरच्या जादा व्याजापोटी आफ्रिकी देशांना वर्षाला ४.२ अब्ज डॉलरपर्यंतचा फटका बसतो असं म्हटलंय. आकडा प्रतिमा सुधारण्याचं काम करणाऱ्या संस्थेचा आहे, तेव्हा थोडा हात राखून घ्या.

मात्र यातलं बरंचसं कटानं नाही, डेस्कवरच्या कात्रीनं होतं. आपल्या पेपरात आफ्रिकेची बातमी बहुधा एजन्सीच्या कॉपीतून येते. सहाशे शब्दांची कॉपी, जागा एक कॉलम. कापायचं शेपटीकडून, आणि भांडण कशावरून, याआधी काय झालं, हे सगळं शेपटीतच असतं. 'डेमोक्रॅटिक रिपब्लिक ऑफ काँगो' एका कॉलमच्या मथळ्यात मावत नाही, म्हणून 'आफ्रिकेत हिंसाचार, ३० ठार'. विदर्भाला हे नवीन आहे का? २००६ चं पंतप्रधानांचं पॅकेज अकरापैकी सहा जिल्ह्यांसाठी होतं, पण मुंबई-दिल्लीच्या पडद्यावर अख्खा विदर्भ भेगाळलेल्या जमिनीचा एकच फोटो होऊन बसला. त्यावर उपाय म्हणून यवतमाळच्या बातमीदाराचं तोंड बंद करा, असं आपल्यापैकी कोणी म्हणालं नाही.

'स्वतःचे पत्रकार नाहीत' यावर दोनच उदाहरणं देतो. सहारनपूरहून गेलेल्या गुप्ता बंधूंनी दक्षिण आफ्रिकेत 'द न्यू एज' हा पेपर काढला, २०१३ मध्ये एएनएन७ हे न्यूज चॅनल काढलं, वर लंडनची बेल पॉटिंजर ही पीआर कंपनी लावली. २०१७ मध्ये त्यांचे लाखभराहून जास्त ईमेल फोडून सत्तेशी असलेल्या साट्यालोट्याची सगळी साखळी मांडली ती 'आमाभुंगाने' आणि 'डेली मॅव्हरिक'च्या तिथल्याच पत्रकारांनी. बेल पॉटिंजर त्याच वर्षी बुडाली, १४ फेब्रुवारी २०१८ ला गुप्तांच्या जवळचे राष्ट्राध्यक्ष झुमा यांनी राजीनामा दिला. दुसरं उदाहरण मेसेजच्या लाडक्या बुर्किना फासोचंच. नोर्बेर झोंगो हे तिथले संपादक तेव्हाच्या राष्ट्राध्यक्षांच्या भावाच्या ड्रायव्हरच्या मृत्यूमागे लागले होते. १३ डिसेंबर १९९८ ला त्यांना गाडीसकट जाळलं आणि देश रस्त्यावर उतरला. बाकी क्रमवारीच हवी असेल तर २०२४ च्या जागतिक माध्यमस्वातंत्र्य यादीत नामिबिया ३४, दक्षिण आफ्रिका ३८, घाना ५० आणि भारत १५९. शेवटचा, १८० वा, इरिट्रिया, तोही आफ्रिकेतलाच. त्या यादीच्या पद्धतीवर आक्षेप आहेत, असू द्या, पण 'शून्य' तर कुठेच बसत नाही.

भारतानंही हेच करावं, यावर वेगळं काय लिहू? वरचं वाचून अजूनही तसं वाटत असेल तर वाटू द्या.

राहिले व्हिडिओ. कॅप्टनच्या कौतुकाची अमेरिकन गायकांच्या आवाजातली गाणी २०२५ मध्ये एआयनं ढिगानं बनली. ओळखायला फार वेळ लागत नाही. यूट्यूबवर खालचं वर्णन उघडा, 'बदललेला किंवा कृत्रिम आशय' अशी नोंद असते, निदान असायला हवी. व्हिडिओ थांबवून मागच्या गर्दीचे हात आणि पाट्यांवरची अक्षरं बघा, तिथे हमखास गडबड होते. एका फ्रेमचा स्क्रीनशॉट गूगल लेन्सला द्या, 'नवीन हायवे' दुसऱ्याच देशातला निघतो का ते कळेल. स्क्रीनशॉट घेताना खालची सबटायटलची पट्टी कापून टाका, नाहीतर लेन्स अक्षरांच्याच मागे लागतं. तेवढंही नको असेल तर 'आफ्रिका चेक' ही जोहान्सबर्गची संस्था २०१२ पासून हेच काम करते, तिथे नाव टाकून शोधा. आणि काकाजी, मोबाइलवरच वाचायचं असेल तर 'द कॉन्टिनेंट' नावाचं साप्ताहिक आहे. आफ्रिकेतले पत्रकार ते चालवतात, एप्रिल २०२० पासून पीडीएफ करून व्हॉट्सॲपवर फुकट पाठवतात. इंग्रजीत आहे, शनिवारी येतं. तुमचा नंबर त्यांच्याकडे नोंदवून देतो.