शेजारीच गळा धरतो म्हणे!

मे २०२५ मध्ये भारत-पाकिस्तान यांच्यात चार दिवस धुमश्चक्री चालली, तेव्हा कोल्हापुरातल्या सोसायट्यांच्या, तालमींच्या आणि भिशीच्या ग्रुपवर एक लांबलचक मेसेज फिरत होता. काही वृत्तवाहिन्या त्याच दिवसांत कराची बंदर उद्ध्वस्त झाल्याच्या खोट्या बातम्या रंगवून सांगत होत्या, त्यामुळं त्याला हवाही चांगली मिळाली. जगात कुठं लढाई पेटली की तो परत येतो. सारांश असा: शत्रूचं सैन्य अचानक तुमच्या गल्लीत घुसलं तर पहिल्या तासात कायदा संपतो आणि दुसऱ्या तासात शेजारी तुमच्या जिवावर उठतो. लोक सैरावैरा पळतात, एकमेकांना तुडवतात. म्हणून धान्य लपवा, कडी घाला, अनोळखी माणसाला आत घेऊ नका, हत्यार हाताशी ठेवा, जमलं तर पहिल्याच तासात गाडी काढून एकटे निघा. बॉम्ब पडायला लागले तर पार्किंगमध्ये जाऊन बसा. खाली सही, ‘एक निवृत्त लष्करी अधिकारी’. नाव नाही, युनिट नाही. घरोघरी फौजी असलेलं सैनिक टाकळी गाव ज्या जिल्ह्यात आहे तिथं तरी अशी बिनयुनिटची सही खपायला नको होती.

हसून सोडून दिलं असतं. पण यातले बरेच सल्ले असे आहेत, की ते पाळणारा माणूसच आधी मरेल.

शेजाऱ्यापासून सुरुवात करू. २ ऑगस्ट १९९० च्या पहाटे इराकचं सैन्य कुवेतमध्ये घुसलं आणि दिवस मावळायच्या आत राजधानी त्यांच्या ताब्यात गेली. कुवेतचे राजे, म्हणजे अमीर, सौदीत पळालेले. पोलीस नाहीत, पालिका नाही. मेसेजच्या हिशेबानं आता शेजाऱ्यांनी एकमेकांना लुटायला हवं होतं. लूट प्रचंड झाली, पण ती मुख्यतः घुसलेल्या सैन्यानं केली: दुकानं, दवाखाने, गाड्या, सगळं. मागं राहिलेल्या रहिवाशांनी काय केलं? तिथं प्रत्येक वस्तीची स्वतःची सहकारी सोसायटी असते, मोठ्या ग्राहक भांडारासारखी. सहकार म्हणजे काय हे कोल्हापूरकराला समजावत बसत नाही. या भांडारांतून लोकांनी धान्यवाटप चालू ठेवलं. बेकऱ्या चालवल्या, कचरा उचलला. सैनिकांना हवी ती माणसं सापडू नयेत म्हणून रस्त्यांच्या पाट्या आणि घरांचे नंबर उखडून टाकले. पाश्चात्त्य नागरिकांना लपवणाऱ्याला देहदंड, असं इराकनं जाहीर केलं होतं. तरी कुवेती कुटुंबांनी त्यांना घरात ठेवलं. आपल्या लोकांचंही तसंच. अडकलेल्या भारतीयांनी समित्या केल्या, याद्या केल्या, बसगाड्या ठरवल्या, इराकमधून बसरा-बगदाद करत जॉर्डनचं अम्मान गाठलं. तिथून विमानांनी आलेली माणसं सुमारे १ लाख ७० हजार. एवढी माणसं ‘प्रत्येकानं आपापलं बघा’ या तत्त्वावर वाळवंट ओलांडत नसतात.

लोक तुडवातुडवी करतात, हा दुसरा मुद्दा. सप्टेंबर १९४० मध्ये लंडनवर रोज रात्री बॉम्ब पडू लागले. त्याआधी ब्रिटिश तज्ज्ञांचा अंदाज होता, की बॉम्बपेक्षा वेडानं जास्त माणसं हॉस्पिटलात येतील. तो अंदाज साफ खोटा ठरला. सरकारला भुयारी रेल्वेची स्थानकं निवाऱ्यासाठी उघडायची नव्हती. लोकांनी सरळ तिकिटं काढली, खाली उतरले आणि तिथंच झोपले. फेब्रुवारी २०२२ मध्ये रशियानं युक्रेनवर हल्ला केला, तेव्हा तिथली राजधानी कीव्हमध्येही हजारो लोक मेट्रोत उतरले. तिथलं आर्सेनाल्ना स्थानक तर जमिनीखाली १०५ मीटरवर आहे. एकमेकांची नावंही ठाऊक नसलेली माणसं फलाटांवर शेजारी शेजारी अंथरुणं टाकून राहिली. आपत्तीत लोक कसे वागतात याचा अभ्यास करणारं केंद्र अमेरिकेत १९६३ पासून आहे, आणि त्यांचं म्हणणं सातत्यानं हेच आहे, की घबराट दिसते त्यापेक्षा मदत फार जास्त दिसते. माणसं घाबरत नाहीत असं नाही. घाबरलेला माणूसही शेजारच्या म्हातारीचा हात धरतो, एवढंच.

‘एकटे गाडी काढा’ हा सल्ला मात्र मला सगळ्यात घातक वाटतो. २४ फेब्रुवारी २०२२ ला कीव्हमधून बाहेर पडणाऱ्या रस्त्यांवर गाड्यांच्या रांगाच रांगा लागल्या. शहरापेक्षा बाहेर बरं, असं समजून काहीजण बुचा, इर्पिन, होस्तोमेल या उपनगरांकडं गेले. रशियाची हेलिकॉप्टरं त्याच दिवशी होस्तोमेलच्या विमानतळावर उतरली. म्हणजे ही मंडळी थेट आघाडीवरच जाऊन पोचली. बुचातून गाडीनं निघालेल्या कुटुंबांवर गोळीबार झाला. काचेवर ‘मुलं आहेत’ असं लिहिलेल्या गाड्याही सुटल्या नाहीत. इर्पिनचा पूल युक्रेनी सैन्यानंच शत्रूला अडवायला पाडला होता. त्याच्या ढिगाऱ्याखालून, फळ्यांवरून, हजारो लोक पलीकडं गेले. चालता न येणाऱ्यांना उचलून नेणारे त्यांचे नातेवाईक असतीलच असं नव्हतं. युक्रेनच्याच खारकीव्ह शहरात भारतीय दूतावासानं २ मार्चला विद्यार्थ्यांना सांगितलं, की वाहन नसेल तर चालत निघा आणि संध्याकाळी ६ च्या आत पेसोचिन, बाबाई किंवा बेझल्युदिव्का गाठा. अंतर ११ ते १६ किलोमीटर. पोरं घोळक्यानं गेली. निघायचं की थांबायचं, हे कुठला रस्ता उघडा आहे यावर ठरतं, आणि ती खबर दार लावून बसलेल्याला मिळत नाही.

धान्याच्या मुद्द्यात अर्धं खरं आहे. घरात शिधा असावाच. खारकीव्हमध्ये १ मार्चला आपल्या शेजारच्या कर्नाटकातला एक विद्यार्थी मारला गेला, तो खाण्याचं सामान आणायला बाहेर पडला होता. १६ मार्चला चेर्निहिव्हमध्ये पावाच्या रांगेवर तोफगोळे पडले. रांग जितकी टळेल तितकं बरं. पण लपवून काय करणार? वेढा पडलेल्या मारिउपोल शहरात वीज, पाणी, गॅस सगळंच गेलं. लोकांनी बर्फ वितळवून पाणी केलं आणि इमारतीच्या आवारात लाकडं पेटवून त्यावर स्वयंपाक केला. कपाटात दडवलेला तांदूळ कच्चा खाता येत नाही. चूल आवारात असते, आणि आवार सगळ्यांचं असतं. कोल्हापुरातला ऑगस्ट २०१९ चा महापूर आठवा. पंचगंगेनं राजाराम बंधाऱ्यावर ५५ फूट ओलांडले, उपसा केंद्रं पाण्यात गेली, चहूकडं पाणी आणि नळ कोरडे. शाहूपुरीत, नागाळा पार्कात तेव्हा घरात किती पोती गहू आहे हे कुणी विचारत नव्हतं. बोअर कुणाची चालू आहे आणि जनरेटर कुणाकडं, हे विचारत होते.

हत्याराबद्दल थोडक्यात. युक्रेनमध्ये ताब्यात घेतलेल्या वस्त्यांत रशियन सैनिक घरांच्या झडत्या घेत होते, मोबाईल तपासत होते. तिथं उशाखालची तलवार कुणाला वाचवत नाही, उलट घरादाराला गोवते.

अनोळखी माणसाला आत घेऊ नका, हे तर कोल्हापुरात बसून लिहायलाच नको. १७ सप्टेंबर १९३९ ला सोव्हिएत फौजा पूर्व पोलंडमध्ये घुसल्या. फेब्रुवारी १९४० पासून तिथली कुटुंबं मालगाड्यांत कोंबून सैबेरिया, कझाकस्तानकडं पाठवली गेली. जगली वाचली ती इराणमार्गे निघाली, आणि त्यातले सुमारे ५,००० लोक, बहुतेक बायका-मुलं, १९४३ पासून १९४८ पर्यंत कोल्हापूरजवळच्या वळिवड्याच्या छावणीत राहिले. शाळा, चर्च, सगळं तिथं होतं. पुढं त्याच जागी सिंधी निर्वासित आले आणि गांधीनगर झालं. आज जो लग्नाचा बस्ता बांधायला गांधीनगरला जातो, तोच घरी येऊन ‘परक्याला दार उघडू नका’ हा मेसेज पुढं ढकलतो. महावीर उद्यानातला पोलिश स्मृतिस्तंभ त्यानं एकदा थांबून बघावा.

शेजारी कधीच उलटत नाही, असा माझा दावा नाही. ३१ मे १९९२ ला बोस्नियातल्या प्रियेदोर शहरात सर्ब नसलेल्यांनी घरांवर पांढरी फडकी लावावीत असा हुकूम निघाला, आणि पुढं झालेल्या छळात ओळखीचे चेहरेही होते. पण तो हुकूम सत्ता बळकावलेल्यांचा होता. माणसं निवडून छावण्यांत नेणारी पोलीस यंत्रणा त्यांच्या हातात होती. कायदा संपला म्हणून माणसं आपोआप लांडगे झाली, असं तिथं घडलं नाही. लोकांची वर्गवारी आधी झाली होती, वर्तमानपत्रांतून आणि रेडिओवरून. कोण आपला, कोण परका याचे मेसेज शांततेच्या काळात फिरवणाऱ्यांनी हे जरा बघावं. एकत्र राहिलं की बॉम्ब चुकतो असंही नाही. मारिउपोलच्या नाट्यगृहात शेकडो माणसं एकत्र होती, बाहेर जमिनीवर मोठ्या अक्षरांत ‘मुलं’ लिहिलं होतं. १६ मार्च २०२२ ला त्यावर बॉम्ब पडलाच.

राहिलं पार्किंग. आपल्याकडं बहुतेक अपार्टमेंटचं पार्किंग म्हणजे खांबांवरचा मोकळा तळमजला. चारी बाजूंनी उघडा, शिवाय गाड्यांच्या टाक्यांत पेट्रोल. तो तळघरातला निवारा नव्हे. खरं तळघर जवळ नसेल तर युक्रेनमध्ये लोक दोन भिंतींचा नियम पाळतात: बाहेर आणि तुम्ही यांच्यामध्ये दोन भिंती हव्यात. पहिली धक्का घेते, दुसरी उडालेले तुकडे अडवते. म्हणजे खिडकी नसलेला पॅसेज, नाहीतर आतलं न्हाणीघर. वरच्या मजल्यावरच्यांनी खालच्या फ्लॅटच्या पॅसेजमध्ये यावं, आणि खालच्यांनी कडी काढून ठेवावी.